भरलेली टाच

त्या दिवशी आमच्या अंबरनाथच्या खोलीत कोण कोण होतं ते आधी सांगते. सासूबाई होत्या, खाटेवर. खाली भिंतीला पाठ लावून आत्याबाई, म्हणजे माझ्या सासऱ्यांची थोरली बहीण, वांगणीच्या पलीकडच्या गावाहून आणलेली. माझी थोरली जाऊ होती, पण दारात, अर्धी आत आणि अर्धी बाहेर. माझा मुलगा आणि माझी मुलगी होती. मुंबईच्या मोठ्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई होत्या, आणि त्यांच्याबरोबर रक्त काढणारा माणूस, मांडीवर बर्फाचा डबा घेऊन बसलेला. आणि मी. भिंतीवर दोन फोटो होते, एक माझ्या मालकांचा, एक मोठ्या दिरांचा. सासऱ्यांचा फोटो कधी काढलेलाच नव्हता. पण तेही होते म्हणायचं, कारण त्यांच्यापासूनच सगळं चालत आलेलं.

एवढी माणसं एका खोलीत. सगळ्यांना भीती वाटत होती आणि प्रत्येकाची भीती निराळी. माझी एकच होती. मुलगा राहतो की बापासारखा जातो.

मी चौथीतून शाळा सोडली. मी सांगते आणि नात लिहून घेते. इकडचं तिकडे झालं तर सांभाळून घ्या.

आमच्या सासरी एक रीत होती. मुलाला मिसरूड फुटलं की सासूबाई त्याला पालथं निजायला सांगायच्या आणि त्याची टाच बघायच्या. टाचेच्या वर मागच्या बाजूला जी जाड शीर उभी असते ना, पोटरीला जाते ती, ती चिमटीत धरायच्या. लोकांची ती दोरीसारखी असते. आमच्या घरातल्या बाप्यांची जाड, गाठी आल्यासारखी, रताळं ठेवावं आत तशी. कोणाची लवकर व्हायची, कोणाची उशिरा. झाली की सासूबाई म्हणायच्या, "टाच भरली." मग त्याला नवी वहाण घ्यायची, देवापुढे ठेवायची, टाचेला हळदकुंकू लावायचं, आणि मग ती वहाण पायात. टाच भरली तो खरा आमच्या घरचा. शेताचं दुखणं नाही, बैलामागे दिवसभर चालला तरी पाय मोडणार नाही, असं म्हणायचे.

लग्नात मला मान वर करायची नव्हती. तेव्हा आमच्यात नवरीने वर बघितलं की बाया हसायच्या. म्हणून मालकांचं तोंड मी नंतर बघितलं, टाच आधी बघितली. पुढे चालत होते, मी मागे. मला वाटलं, ह्यांना काही लागलंय की काय.

सासरे माझ्या लग्नाआधीच गेलेले, खळ्यावर, भात झोडताना. चांगले तगडे होते म्हणे. मोठे दीर गेले कंपनीच्या गेटवर. आत जायच्या लाईनीत उभे होते, पुढच्याच्या अंगावर पडले. पुढचा म्हणाला, "काय रे, झोपला काय?" तोवर खलास.

आणि माझे मालक. सकाळची पाळी होती. चहा पिऊन बूट घालायला उंबऱ्यावर बसले. म्हणाले, "छातीत जळतंय गं, रात्रीची भजी बाधली वाटतं." मी आत सोडा शोधायला गेले. सोडा घेऊन आले तर भिंतीला टेकलेले. एक बूट पायात, एक हातात. मी हाक मारली. दुसऱ्यांदा मारली नाही, कळलं मला. त्यांचा उघडा पाय माझ्या मांडीवर घेऊन बसले होते माणसं येईपर्यंत. ती टाच माझ्या हातात होती. तेव्हा मला काही कळलं नव्हतं. टाच ती टाच.

अंबरनाथला त्या टायमाला हवेला वास असायचा, औषधाचा, कधी कुजक्या अंड्याचा. लोक म्हणाले, कंपनीच्या धुरानेच गेला. पण सासरे तर खळ्यावर गेलेले, तिथे कुठला धूर? मग गावच्या भगताला विचारलं. तो म्हणाला, रक्ताचीच बाई आहे, घरातली, ती खातेय. सासूबाईंना नाव सांगावं लागलं नाही. रक्ताची बाई एकच होती, आत्याबाई. लग्न होऊन वर्षाच्या आत नवऱ्याने टाकलेली, माहेरी येऊन राहिलेली. भाऊ गेला, भाचे गेले, ही आहे तशीच. डोंगरावरून लाकडाची मोळी आणते, पाऊस नाही ऊन नाही. गावात पोरं तिची नजर लागू नये म्हणून तिला बघून आपले तळहात झाकायची. सासूबाईंनी तिचं पाणी तोडलं ते तोडलंच. मला सांगून ठेवलं, "तिच्या हातचं काही खायचं नाय. पोरांना तर तिची सावली नको."

मी मानलं. खोटं कशाला सांगू. मला दोन पोरं होती आणि मला भीती वाटत होती. भीती वाटली की माणूस कशालाही मानतं.

मालक गेल्यावर मी उल्हासनगरला पाच नंबरच्या कॅम्पात जीन्सच्या कारखान्यात लागले, धागे कापायला. शेठ सिंधी. शिवलेल्या पँटींचे ढीग यायचे, आम्ही बाया कात्रीने लोंबते धागे कापायचो. संध्याकाळी नाकपुड्यांतून निळं निघायचं. वालधुनी नदीच्या पुलावरून येताना पाणी ज्या रंगाचं, तो रंग आज धुलाईला चाललाय हे ओळखायचो. असे दिवस काढले.

मुलगा अठराचा झाला. कंपनीने बापाच्या जागी घ्यायचं कबूल केलं. आणि त्याच साली त्याची टाच भरली. सासूबाईंना काय आनंद! उठवत नव्हतं त्यांना, पण स्वतः चपलेच्या दुकानात गेल्या, मुलाच्या खांद्याला धरून. कर्र कर्र वाजणारी वहाण आणली. मी हळदकुंकू लावलं. मुलगा सगळ्या चाळीत फिरला. शेजारीण म्हणाली, "काय रे, वहाण वाजवतोस, पोरगी बघितली की काय?" तो म्हणाला, "काकी, घराण्याची खूण आहे, तुम्हाला नाही कळणार."

तीच वहाण घालून कंपनीच्या मेडिकल तपासणीला गेला.

परत आला तेव्हा हसत होता. म्हणाला, "आई, कंपनीचा डॉक्टर येडा आहे. डोळे बघितले नाही, दात बघितले नाही, माझी टाचच दाबत बसला. मी म्हटलं, साहेब, ही आमच्या घराण्याची खूण आहे. तर म्हणतो, वडील कशाने गेले? काका कशाने गेले? आजोबा? आणि कसले तरी कागद दिले, मुंबईला जा म्हणतो."

मी पोळी लाटत होते. हात थांबला. का थांबला सांगता येत नाही. अजून कोणी काही बोललेलं नव्हतं.

मुंबईच्या दवाखान्यात रक्त घेतलं. परत बोलावलं, परत घेतलं. मग डॉक्टरीणबाईंनी मला आत बोलावलं, मुलाला बाहेर बसवलं. बाई माझ्याहून लहानच, पण दमलेल्या. म्हणाल्या, "मावशी, ती खूण नाही. ती चरबी आहे. याच्या रक्तात चरबी इतकी आहे की रक्तात मावत नाही, मग टाचेत जाऊन बसते. आणि टाचेत बसते तशी हृदयाच्या नळ्यांतही बसते. जन्मापासून. बापाकडून आली, बापाला त्याच्या बापाकडून."

मी विचारलं, "मग माझी मुलगी?"

"निम्मी शक्यता. असेल किंवा नसेल. बघावं लागेल."

मी घरी आले. मला आठवतंय, स्टेशनवर उतरले आणि घराकडे जायचं सोडून उलट्या बाजूला चालत गेले. ज्या टाचेला मी स्वतःच्या हाताने हळदकुंकू लावलं, ती मरणाची टाच. आणि आम्ही तिची वाट बघायचो. नाही भरली तर वाईट वाटून घ्यायचो.

सासूबाईंना सांगितलं. त्या उठून बसल्या.

"डॉक्टर काल आले. टाच आमची सात पिढ्यांची आहे."

मी म्हटलं, "आई, त्या सात पिढ्यांत म्हातारा कोण झाला?"

त्या तोंड वाकडं करून म्हणाल्या, "ती झाली ना. सगळ्यांना खाऊन."

हे बोलणं मी मनात घेऊन गेले. पुढच्या खेपेला डॉक्टरीणबाईंपाशी मी रडले नाही, पण कटकट केली. म्हटलं, "आमच्या घरात बाप्ये सगळे तरुण जातात, आणि सासऱ्यांची बहीण ऐंशीला आली तरी डोंगर चढते. देवाचा न्याय बघा."

बाई लिहीत होत्या. लिहायच्या थांबल्या. "सख्खी बहीण?"

"सख्खी."

"तिची टाच कशी आहे?"

मला सांगता येईना. बाईची टाच कोणी बघायचं? रीत मुलांची होती. पण आत्याबाई जुन्या बायांसारखं लुगडं वर खोचून नेसायच्या, पोटऱ्या उघड्या. मी डोळे मिटले आणि आठवून बघितलं, मोळी डोक्यावर, पाठमोरी चाललेली. होती. जाड होती. सगळ्यांना दिसत होती, बघत कोणी नव्हतं.

बाई खुर्ची पुढे ओढून माझ्याजवळ येऊन बसल्या. जे बोलल्या ते मला त्या दिवशी अर्धं कळलं, बाकीचं पुढे कळलं. म्हणाल्या, "मावशी, कोण मेलं आणि का मेलं हे आम्हाला थोडंफार कळतं. पण औषध शोधायचं तर कोण जगलं आणि का जगलं हे कळायला हवं. त्या आजींच्या रक्तात दोष तोच असेल आणि तरी त्या जगल्या, तर त्यांच्या रक्तात दुसरं काहीतरी असणार जे त्या दोषाला आडवं येतं. ते कुठे आहे ते सापडलं तर औषधाला पत्ता मिळतो. पत्ता नसला की औषध म्हणजे नुसतं अंधारात दगड मारणं."

"मग सापडलं की त्याची गोळी माझ्या मुलाला देणार?"

त्यांनी खोटं सांगितलं नाही, एवढं मी त्यांचं मानते. म्हणाल्या, "नाही. वर्षं लागतील. एका घराच्या रक्ताने होतही नाही, खूप घरं लागतात. कदाचित तुमच्या मुलाला उपयोग होणारच नाही. त्याला आता ज्या गोळ्या आहेत त्या देऊ, खाणं सांभाळू. पण मला तुमच्या घरातलं सगळ्यांचं रक्त पाहिजे. ज्यांना आहे त्यांचं, ज्यांना नाही त्यांचं. आणि आजींचं तर पाहिजेच."

कारखान्यात सुट्टी मागायला गेले तर शेठ म्हणाला, "अरे, पूरे घर का खून? बीमार कौन है?" त्याची बायको गल्ल्यावर बसलेली. ती म्हणाली, "दे दो बहन, डरो मत. हमारी ननद का बच्चा जन्म से बीमार है, हर महीने दूसरों का खून चढ़ाता है. शादी के टाइम हमारे में अब पहले खून देखते हैं, पीछे कुंडली." मला तेवढाच आधार वाटला. दुसरं कोणी असं बोललं नव्हतं.

चाळीत तर उलटंच झालं. त्या टायमाला घरभर रक्त तपासणार म्हटलं की लोकांच्या मनात एकच यायचं, एड्स. भिंतीवर सगळीकडे तेच लिहिलेलं. नळावर बाया माझी बादली मागे सरकवायला लागल्या. जाऊ माझ्यावर उसळली. तिच्या मुलीच्या लग्नाचं बोलणं चाललेलं बदलापूरला. "तुझ्या पोराचं तू बघ. माझ्या पोरीचं रक्त मी द्यायची नाही. उद्या सासरच्यांनी ऐकलं तर?" मी म्हटलं, "आणि तिच्यात असलं तर?" ती म्हणाली, "असलं तर असू दे. माहीत नसलं की नसतं."

हे वाक्य माझ्या मनातून गेलं नाही कधी. कारण मलाही तसंच वाटायचं. मुलगी पहाटे निजलेली असायची, पाय पांघरुणातून बाहेर. मी तिच्या टाचेकडे बघायची नाही. बघायचं नाही म्हणून तोंड फिरवून चूल पेटवायची.

आत्याबाईंकडे मला एकटीला जावं लागलं. वांगणीला उतरून पुढे चालत. त्या अंगणात शेंगा सोलत बसल्या होत्या. मला बघून उठल्या नाहीत.

"कोण मेलं?" म्हणाल्या.

"कोणी नाही आत्या."

"मग तू कशी आलीस? इथं मेल्याचं सांगायलाच येतात."

मी समोर बसले. सगळं सांगितलं, मला आलं तसं. टाच, चरबी, डॉक्टरीणबाई, रक्त. त्यांनी एकेक शेंग सोलली, माझ्याकडे बघितलं नाही. मग हात लुगड्याला पुसले आणि बोलल्या तेव्हा आवाज लहान मुलासारखा.

"मी जायची नाय. त्यांना दिसंल ना."

"काय दिसेल?"

"मीच खाल्लं ते. रक्तात दिसंल."

मला वाटायचं ही बाई निगरगट्ट आहे, लोकांचं ऐकून दगड झालीय. ती तर आमच्यापेक्षा जास्त मानत होती. इतकी वर्षं लोक म्हणाले आणि तिला खरंच वाटलं होतं. म्हणाली, "भाऊ गेला त्या दिवशी मी त्याच्यावर चिडले होते गं. भाकरी करपली म्हणून बोलला. मी मनात म्हटलं, मर. गेला. तुझ्या नवऱ्याला तर मी लहानपणी कडेवर घेतला. त्याला कशाला खाऊ मी? पण झालं असंल काय माहीत, आपल्याला न कळता."

मला डॉक्टरीणबाईंसारखं बोलता येत नव्हतं. मला माझं काम ठाऊक होतं, तेच सांगितलं. म्हटलं, "आत्या, आमच्या कारखान्यात एकदा सगळ्या पँटींचा डावा पाय पिळायला लागला. शेठ शिवणाऱ्यांवर ओरडला. मग मास्तरला कळलं, शिवण ठीक आहे, फर्मा वाकडा आहे. फर्मा म्हणजे पुठ्ठा, तो कापडावर ठेवून कापतात. पुठ्ठा वाकडा तर सगळे पाय वाकडे. शिवणाऱ्याचा काय दोष? पण त्या ढिगात एक पँट निघाली, त्याच फर्म्याची, आणि सरळ. मास्तरने सगळ्या बाजूला टाकल्या आणि ती एक उसवून बघितली. कोणा कारागिराने आतून दुसऱ्या ठिकाणी शिवण सैल सोडली होती, म्हणून पीळ बसला नव्हता. मग बाकीच्याही तशाच सोडल्या. तुम्ही ती पँट आहात."

त्या माझ्याकडे बघत राहिल्या. म्हणाल्या, "म्हणजे मला उसवणार?"

"थोडं रक्त घेणार हो."

"मरायच्या वयात पँट झाले," म्हणाल्या, आणि हसल्या. त्यांचे दात मी पहिल्यांदा बघितले. मग परत तोंड पडलं. "तुझी सासू घरात घेईल?"

मी म्हटलं, "मी घेणार." तेव्हा मला माहीत नव्हतं कशी घेणार ते.

आणि म्हणून तो दिवस. डॉक्टरीणबाईंनी बजावून सांगितलं होतं, कोणी सकाळी काही खायचं नाही, चहासुद्धा नाही, चरबी मोजायची आहे. मी सगळ्यांना सांगितलं. आत्याबाई पहिल्या गाडीने आल्या, मुलगा आणायला गेला होता. येऊन भिंतीपाशी बसल्या, पाय पोटाशी घेऊन. सासूबाई खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडलेल्या. दोघी एका खोलीत, इतक्या वर्षांनी. मला डॉक्टरीणबाईंना स्टेशनवरून आणायला जायचं होतं. मुलीला म्हटलं लक्ष ठेव.

परत आले तर आत्याबाईंच्या पुढ्यात ताटली. तांदळाची भाकरी, काल रात्रीचं सुकटीचं कालवण, आणि चहा. अर्धं संपलेलं.

मी ओरडलेच, "हे कोणी दिलं?"

मुलगी म्हणाली, "आजीने."

सासूबाई भिंतीकडेच बघत म्हणाल्या, "दारात आलेलं माणूस तासभर उपाशी बसलंय. तुमच्या डॉक्टरला रीत नसंल, मला आहे."

ज्या बाईचं पाणी तोडलं, तिला उठवत नसताना उठून जेवायला वाढलं, आणि नेमकं त्याच दिवशी. आत्याबाई तोंडातला घास गिळू का थुंकू अशा बघत होत्या. त्या वाढलेल्याला नाही कसं म्हणणार? डॉक्टरीणबाई आधी कपाळाला हात लावून बसल्या. मग त्या हसल्या. म्हणाल्या, "फर्मा बघायला उपास लागत नाही, ते रक्त मी आज घेते. चरबी मोजायला मात्र आजींना परत यावं लागेल." फर्म्याचं मीच त्यांना वाटेत सांगितलं होतं.

सासूबाई म्हणाल्या, "मग येईल परत. घर काय परकं आहे?"

आत्याबाईंनी हात पुढे केला. सुई आत गेली, नळीत रक्त आलं, आणि त्या त्याच्याकडे असं बघत होत्या की आता त्यात काही हलेल, दिसेल. काही दिसलं नाही. लाल होतं. मुलाचं घेतलं, तेही तसंच लाल. दोन नळ्या शेजारी शेजारी त्या बर्फाच्या डब्यात ठेवल्या. मुलीचा हात धरायला मला जावं लागलं, आणि तेव्हा तिचे पाय माझ्यासमोर होते, पालथे. मी तोंड फिरवलं.

जाऊ दारातूनच म्हणाली, "झालं ना? मी जाते." ती आत आली नाही आणि तिच्या मुलीला तिने आणलं नाही.

डॉक्टरीणबाई निघताना आत्याबाईंनी त्यांचा पदर धरला. "बाय, खाल्लेलं दिसलं तर मला एकटीला सांग. ह्यांना नको."

बाई खाली बसल्या. म्हणाल्या, "आजी, तुमच्या रक्ताने कोणाला खाल्लं नाही. झालंच तर तुमच्या रक्ताने तुम्हाला वाचवलंय. कसं ते मला कळत नाही, ते विचारायलाच मी आले."

सासूबाईंनी ऐकलं. तोंड भिंतीकडेच होतं, पण ऐकलं.

दुसऱ्या खेपेला आत्याबाई उपाशी आल्या. मी सासूबाईंना चहा दिला तर त्यांनी कप बाजूला सारला. "ती उपाशी बसणार आणि मी ढोसू?" रक्त घेऊन होईपर्यंत त्या साखरेचं दुखणं असलेल्या बाईने काही तोंडात घातलं नाही. माफी वगैरे कोणी मागितली नाही. आमच्याकडे तशी मागत नाहीत. मग दोघींनी एकदम चहा घेतला, बश्या फुंकत.

निकाल यायला फार काळ गेला. त्या टायमाला यंत्रं तशी नव्हती, अक्षर अक्षर लावून वाचतात म्हणे रक्त, आणि बाहेरच्या देशात पाठवलेलं. वाट बघण्यात मी माणसात नव्हते. मुलगा सकाळी बूट घालायला उंबऱ्यावर बसला की मी आतलं काम सोडून बाहेर यायची. तो चिडायचा. "आई, काय बघतेस?" "काही नाही." मी त्याला उंबऱ्यावर बसायची बंदी केली, खुर्ची दिली. कोणी छातीत जळतंय म्हटलं, परका माणूस बसस्टॉपवर म्हणाला तरी माझे हातपाय गार पडायचे. आजही पडतात.

मग बाई एकदा स्वतः आल्या. मुलाच्या आणि आत्याबाईंच्या रक्तात दोष एकच, त्याच जागी. मुलीत नाही. मुलीत नाही हे ऐकल्यावर मी तिची टाच पहिल्यांदा हातात घेतली. दोरीसारखी होती. आणि लगेच वाटलं, एक सुटली म्हणून मी हसते, दुसरा समोर बसलाय. तो माझ्याकडे बघून हसला, "आई, मी आत्याआजीवर गेलोय बघ." तसं असतं तर किती बरं. पण आत्याबाईंना वाचवणारं जे काय ते त्याच्यात आहे की नाही, हे सांगता येत नाही म्हणाल्या बाई. आत्याबाईंच्यात ते कुठे आहे तेही पुरतं सापडलं नव्हतं. शोधतोय म्हणाल्या. पुढे त्या दुसऱ्या गावी गेल्या.

मुलाला गोळ्या सुरू झाल्या, मग त्याहून नव्या आल्या. टाच थोडी उतरली. सासूबाईंनी ती वहाण एक दिवस आपणहून काढून माळ्यावर टाकली. पुढे आमच्या घरात कोणाला टाचेसाठी वहाण घेतली नाही. सासूबाई गेल्या तेव्हा आत्याबाई उशाशी होत्या. आत्याबाई त्यानंतर गेल्या, म्हातारपणाने, दुसरं काही नाही. गावातली एक बाई मातीला आली होती, ती म्हणाली, "गेली एकदाची." मी तिला म्हटलं, "आमची होती ती, तोंड सांभाळ."

मुलाने बापाचं वय ओलांडलं. त्या वर्षी मी देवाला काही बोलले नाही, उगीच लक्ष जाईल म्हणून. आता मोठ्या दवाखान्यातले डॉक्टर म्हणतात, असल्या दुखण्यावर एक सुई आली आहे, आणि तिचा पत्ता धड राहिलेल्या माणसांच्या रक्तात सापडला, ज्यांच्या रक्तात ही चरबी जन्मापासूनच कमी आणि ज्यांचं काळीज म्हातारपणीही धड. आमच्या आत्याबाईंची तर टाच जाड होती, त्यांच्या रक्ताचा त्यात काही उपयोग झाला की नाही मला माहीत नाही. नसेलही. दुसऱ्या कुठल्या तरी गावची कोणी बाई असेल, जिला तिथेही लोक काहीबाही म्हणत असतील.

जावेची मुलगी बदलापूरला नांदते. तिला मुलगा आहे. मी जावेला दोनदा म्हटलं, तपासून घे. ती अजून दारातच उभी आहे. सकाळी सकाळी फोन वाजला की मला वाटतं, तिचाच.

हे वाचाल त्यांना माझं सांगणं एवढंच. घरातल्या सगळ्यांची टाच मागून एकदा हाताने बघा, बायकांचीही. जाड लागली तर डॉक्टरकडे न्या, लाजू नका. आणि तुमच्या घरात कोणी म्हातारी सगळ्यांच्या मागे राहिली असेल, तर तिला बोल लावू नका. तिच्याजवळ बसा, आणि डॉक्टरने मागितलं तर तिचं रक्त देऊ द्या.